नागूचा ताणा कुठं संपतो

बोरवंडच्या ओढ्याला बारा महिने पाणी असे आणि कोष्टी आळीत चाळीस माग चालत, तेव्हाची ही गोष्ट आहे. किती वर्षं झाली ते मला नक्की सांगता येणार नाही. मी ती तीन म्हाताऱ्या माणसांकडून ऐकली आणि तिघांनी ती तीन तऱ्हांनी सांगितली. जे तिघांच्याही सांगण्यात होतं शक्यतो तेवढंच सांगायचं असं मी ठरवलं आहे. कुठं कमीजास्त झालं तर सांभाळून घ्या.

त्या काळी बोरवंडात कापड करणं हे साऱ्या गावाचं काम होतं. वेचलेल्या कापसातून आधी सरकी काढत. मग पिंजारी आपली धनुकली घेऊन येई आणि तिच्या तातीखाली कापसाचा ढग होई. ओढ्यापलीकडच्या बायका त्याचे पेळू वळून सूत कातत. ते सूत आळीत या टोकापासून त्या टोकापर्यंत ताणून धरत आणि कुंच्याने त्याला पिठाची खळ पाजत, म्हणजे धागा मागावर घासून तुटत नाही. या उभ्या धाग्यांना ताणा म्हणतात. मग त्यातला एकेक धागा वहीच्या, म्हणजे धागे वरखाली करणाऱ्या दोऱ्यांच्या चौकटीच्या, डोळ्यातून आणि फणीच्या दातातून ओवायचा. एका धोतराच्या पन्ह्याला सोळाशे धागे लागत, आणि ते ओवायलाच तीन दिवस जात. त्यानंतर विणकर जमिनीतल्या खड्ड्यात पाय सोडून बसे, पायांनी पावड्या दाबी, हातांनी धोटा फेकी, आणि आडवा धागा उभ्या धाग्यांत बसत जाई. ताणा विणून संपला की उरलेली टोकं कापून टाकत आणि नवा ताणा पुन्हा पहिल्यापासून ओवायला घेत. सगळे असंच करत. दुसरं काही करता येईल असं कुणाच्या मनात आलं नव्हतं.

आळीत एक रीत होती. विणकर गेला की त्याच्या मागावरचा ताणा कापायचा, त्याच्याच खड्ड्यात ठेवायचा, आणि वर माती लोटून खड्डा बुजवायचा. मोकळा खड्डा दुसरं माणूस मागतो, असं म्हणत. मुलगा हाताशी आला असेल तर तो दुसरीकडे नवा खड्डा खणे. नसेल तर त्या घरातलं विणणं संपे. धोट्यातल्या सुताच्या कांड्या भरायला, ताणा काढायला, खळ पाजायला बाई लागे, पण पावडीवर बाईचा पाय पडत नसे.

नागू तावरे हा या आळीतला एक विणकर. एका भाद्रपदात त्याला ताप आला आणि तिसऱ्या दिवशी तो गेला. घरात मागे राहिल्या दोघीच, त्याची बायको गवरा आणि त्याची आई बनाबाई. मूल नव्हतं. मागावर तीन धोतरांचा ताणा होता आणि त्यातलं पहिलं धोतर अर्धं विणून झालेलं होतं.

खड्डा बुजला असता तर गवराला भावाकडे जावं लागलं असतं. तिला निदान भाऊ तरी होता. बनाबाईला माहेरी कुणी उरलं नव्हतं, आणि सुनेच्या भावाच्या दारात म्हातारीला कोण ठेवून घेणार?

चौदाव्या दिवशी दाजीबा आला. हा पंचांचा म्होरक्या आणि नागूचा चुलता. आळीत त्याच्यासारखा हात कुणाचा नव्हता. डोळे मिटून सूत चिमटीत धरलं तरी ते कोणत्या बाईनं कातलंय हे तो सांगे. त्याचा स्वतःचा मुलगा मल्हारी अकरा वर्षांपूर्वी असाच गेला होता, आणि दाजीबानं रीतीप्रमाणे आपल्या हातानं त्याचा ताणा कापून खड्डा बुजवला होता. सून राही माहेरी गेली ती परत आली नाही. तेव्हापासून दाजीबा कमी बोले.

त्याच्याबरोबर दोन माणसं होती आणि मातीच्या चार टोपल्या. गवरा खड्ड्याच्या कडेला बसली होती.

"मामंजी, धोतर अर्ध्यात आहे," ती म्हणाली.

"माणूसच अर्ध्यात गेलं, पोरी. धोतराचं काय घेऊन बसलीस."

"ताणा त्यांनी पाजलेला आहे. तेवढा विणू द्या."

"विणणार कोण?"

"मी."

बरोबरच्यातला एक जण हसला. "पावड्या कधी शिकलीस?"

बनाबाई आत चुलीपाशी होती. तिला कमी ऐकू येई, पण हे बरोबर ऐकू आलं. "बारा वर्षं त्याच्यासमोर बसून कांड्या भरल्यात तिनं," ती आतूनच म्हणाली. "तू तुझ्या बायकोसमोर बारा वर्षं बसला असतास तर तुला भाकरी आली असती."

दाजीबानं ताण्यावर हात ठेवला. मग म्हणाला, "नागूचा ताणा मागावर आहे तोवर खड्डा राहील. तो संपला की त्याच दिवशी माती. कबूल?"

"कबूल," गवरा म्हणाली.

माणसांनी टोपल्या अंगणात उलट्या केल्या. माती परत कोण नेणार? ढीग दारातच राहिला.

गवरा खड्ड्यात उतरली. पहिले दोन हात कापड वाकडंतिकडं आलं, एक काठ आत गेला, एक बाहेर आला. मग पाय आणि हात यांची ओळख पटली. ती जितकं सावकाश विणता येईल तितकं विणे. पण सावकाश विणलं म्हणून धागा लांबत नाही. दिवाळी झाली, संक्रांत झाली. बनाबाईनं अंगणातल्या ढिगावर कारल्याच्या बिया टोचल्या आणि वेल वर चढला.

शेवटी तिसरं धोतरही संपत आलं. वहीच्या मागे हातभर ताणा उरला. तो कापायला गवरानं सुरी घेतली आणि ती तशीच बसून राहिली. म्हणतात की ती तीन दिवस बसली. मला वाटतं एक सकाळ असेल. पण एक सकाळही पुष्कळ असते.

"काय बघतेस?" बनाबाईनं विचारलं.

"इथून पुढं त्यांचं काही नाही."

विणताना धागा तुटतो, तेव्हा विणकर बोटाला राख लावून दोन टोकं पिळतो आणि पुढं विणतो. हे रोजचं काम आहे, लहान मुलंही करतात. सुरी हातात धरून गवराच्या मनात आलं, की एक धागा सांधता येतो तर सोळाशे का येऊ नयेत? तिनं सुरी खाली ठेवली.

पण सांधायला नवा ताणा हवा होता, आणि ताण्याला सूत. बनाबाई उठली, उतरंडीमागून एक गाठोडं काढलं आणि सुनेपुढं ठेवलं. आत बारीक, पांढरं, एकसारखं सूत होतं. हे तिनं सात वर्षं कातून बाजूला ठेवलं होतं, आपल्या शेवटच्या वस्त्रासाठी.

"अहो आत्या, हे तुमचं—"

"मला काय घाई आहे? घे."

ताणा पाजायला आठ हात, म्हणजे चार माणसं, लागतात. त्या दिवशी दोघींनी पहाटे आळीत ताणा ताणला तेव्हा एकही दार उघडलं नाही. पंचांनी मनाई केली नव्हती. प्रत्येकाला वाटत होतं की आधी दुसऱ्यानं जावं. खळ लावलेला ताणा कुंच्यानं मोकळा होण्याआधी ऊन आलं तर धागे एकमेकांना चिकटून दोरखंड होतो, हे दोघींना माहीत होतं. गवरा एका टोकाला, बनाबाई दुसऱ्या टोकाला, मध्ये चाळीस हात सूत. त्या दिवशी ऊन आळीत उशिरा उतरलं, असं म्हणतात. ओढ्यावर ऊन होतं, देवळाच्या कळसावर होतं, आणि आळीच्या तोंडाशी येऊन ते थांबलं. म्हातारीचा शेवटचा कुंचा फिरला तेव्हा ते आत आलं. दारांच्या फटींतून सगळ्यांनी हे पाहिलं, असंही म्हणतात. पाहत होते हे मला पटतं.

मग गवरा वहीमागे बसली. चुलीतली राख चिमटीत घ्यायची, जुन्या धाग्याचं टोक आणि नव्या धाग्याचं टोक जुळवायचं आणि पीळ द्यायचा. ही राख चुलीतली नव्हती, नागूची होती, असं सांगणारेही आहेत. मला ते खरं वाटत नाही, पण सांगतात हे सांगायला हवं. आणि तिनं एक गोष्ट केली. सगळे धागे एका रेषेत सांधले असते तर कापडावर आडवी रेघ उमटली असती. तिनं एक धागा इथं सांधला, दुसरा चार बोटं पुढं, तिसरा वीतभर मागं. सोळाशे धाग्यांचे सोळाशे सांधे, आणि दोन शेजारी एका जागी नाहीत. आठ दिवस लागले; हात बसल्यावर पुढं हेच काम एका दिवसात होऊ लागलं. मग तिनं ताणा हळूच ओढला. सांधे वहीच्या डोळ्यांतून आणि फणीच्या दातांतून पार झाले, आणि ती पुढं विणायला लागली. ओवायचं काम करावंच लागलं नाही.

नागूचे तीन धोतरांचे धागे इतके दिवस कसे पुरतात, हे आळीला कळेना. धोट्याचा आवाज रोज येत होता. फाल्गुनात दाजीबा आला, बरोबर तीच दोन माणसं.

"ताणा संपला का?" त्यानं विचारलं.

"नाही, मामंजी."

"खोटं बोलू नकोस."

"तुम्हीच बघा. कुठं संपला ते दाखवा, आणि माती लोटा."

तिनं तुरीवर, विणलेलं कापड गुंडाळायच्या दांड्यावर, गुंडाळलेलं कापड उलगडून त्याच्यापुढं घातलं. नागूचं विणलेलं, तिचं पहिलं वाकडं, मग सरळ, मग त्याहून सरळ. दाजीबा मांडी घालून बसला. डोळे मिटले आणि तळहात कापडावरून फिरवत नेला. शेवटापर्यंत गेला, परत आला, पुन्हा गेला.

इथं मला सांगणारे तिघे वेगळे होतात. एक म्हणतो, त्याला काही सापडलं नाही. दुसरा म्हणतो, त्याचा अंगठा एका जागी थांबला होता. तिसऱ्यानं नुसती मान हलवली. जो माणूस सुतावरून कातणारी ओळखे, त्याला आपल्या पुतण्याच्या ताण्यातलं सूत आणि आपल्या वहिनीनं, बनाबाईनं, कातलेलं सूत वेगळं कळलं नसेल?

"मला सापडत नाही," दाजीबा म्हणाला.

"काका, नीट बघा," बरोबरचा माणूस म्हणाला. "तुमच्या बोटांना तर सगळं कळतं."

"म्हातारा झालो. बोटं गेली."

तो उठला आणि दाराकडे निघाला. बनाबाई म्हणाली, "भावजी, जाताना कारली न्या. तुमच्या मातीत चांगली आलीत."

दुसऱ्या दिवशी सकाळी दाजीबानं कुदळ घेतली आणि मल्हारीचा खड्डा उकरायला सुरुवात केली. कुणाला हात लावू दिला नाही. दुपारपर्यंत तो छातीइतका खाली गेला, आणि तळाशी मल्हारीचा कापलेला ताणा लागला. सुती धागा मातीत एक पावसाळा टिकत नाही, त्याला वाळवी लागते, हे मलाही ठाऊक आहे. पण अकरा वर्षांनी तो ताणा ठेवला तसा पांढरा निघाला, ओल नाही, कुज नाही, असं म्हणतात. तिघांच्याही सांगण्यात हे आहे, म्हणून मी सांगतो.

दाजीबानं तो पंच्यात गुंडाळला आणि पायी राहीच्या माहेरी गेला. ती अंगणात धान्य पाखडत होती.

"राही," तो म्हणाला, "मागावर चढवायचाय."

तिनं गुंडाळी उलगडली आणि धागे चिमटीत धरून पाहिले. मग सूप भिंतीला टेकवून ठेवलं. ती बोरवंडात आली तेव्हा गवरा राखेची वाटी घेऊन दाजीबाच्या दारात उभी होती.

त्या वर्षापासून बोरवंडात खड्डा बुजवला गेला नाही. ओवण्याचे तीन दिवस वाचतात हे कळल्यावर सगळ्यांनीच ताणा सांधायला घेतला, आणि थोड्याच वर्षांत आपण पूर्वीपासून असंच करतो, असं लोक म्हणू लागले. बनाबाई पुढं आणखी नऊ वर्षं जगली. तिच्या शेवटच्या वस्त्राला आळीतल्या चाळीस घरांनी एकेक कांडी सूत दिलं. गवरा गेली तेव्हा तिचा ताणा कुणी कापला नाही. तो राहीनं पुढं सांधला.

आता बोरवंडात खड्डे नाहीत. यंत्रमाग आहेत आणि खटखटाटात दुसऱ्याचं बोलणं ऐकू येत नाही. पण मागावरचा ताणा पूर्ण काढून माग रिकामा करत नाहीत. हातभर टोकं ठेवतात. नवा ताणा सांधताना पहिला धागा राखेच्या बोटांनी पिळतात आणि त्या वेळी घरातल्या गेलेल्या माणसाचं नाव घेतात. घरोघरी गॅस आला, म्हणून राख गवराच्या नावानं बांधलेल्या कट्ट्यावरच्या मडक्यातून आणतात. आणि कुणी गेलं की चौदाव्या दिवशी शेजारी येतात, प्रत्येकाच्या हातात सुताची एक कांडी असते. ती मागापाशी ठेवतात आणि जातात.

नागूचा तो ताणा अजून कुणाच्या तरी मागावर आहे, असं म्हणतात. मागे एकदा मी तिथं गेलो होतो, तेव्हा एका बाईला विचारलं, कुणाच्या? तिनं माग थांबवला नाही. कापडाकडे बोट दाखवून म्हणाली, "बघा की शोधून."

मी हात फिरवून पाहिला. मला सापडला नाही.