झालीच नाही ती नोकरी

विवाह नोंदणी कार्यालयातल्या कुमुदिनी तारळेकर बाईंनी आजारी आईसाठी राजीनामा दिला आणि तिथेच फसल्या. स्वेच्छानिवृत्तीचा अर्ज केला असता, तर पेन्शन मिळाली असती. राजीनामा दिला म्हणून आयुष्यभराची नोकरी पाण्यात गेली.

अपील आलं फणसळकर साहेबांपुढे. साहेब नियमाचे पक्के, आवाजही मोठा.

"बाई, राजीनाम्याने मागची सगळी सेवा रद्द होते. ती कधी झालीच नाही, असं समजायचं!"

"झालीच नाही?"

"मुळीच नाही."

बाईंनी शांतपणे चष्मा पुसला. "मग साहेब, त्या नोकरीत मी लावलेली लग्नं?"

साहेबांनी फायलीतून मान वर काढली.

"तुमचंच घ्या. तुम्ही हार विसरला होतात, मी शिपायाला पिटाळून शेवंतीचे आणवले. तुमचे सासरे खाली जिन्यात बसून ओरडत होते, 'हे लग्न मी मानत नाही!' आता त्यांना कळवायला हवं, की आजोबा, तुमचंच बरोबर होतं."

कचेरीत हशा पिकला. साहेब घटाघटा पाणी प्यायले. सासरे अजून ठणठणीत होते आणि दर दिवाळीला तेच वाक्य ऐकवत होते.

हा राजीनामा म्हणजे स्वेच्छानिवृत्तीच समजावी, असा निकाल साहेबांनी तिथल्या तिथे दिला. संध्याकाळी ते बायकोला घेऊन बाईंच्या दारात उभे राहिले. हातात पेढ्यांचा पुडा.

"निकालाचे का?" बाईंनी विचारलं.

"छे हो, लग्नाचे. त्या दिवशी गडबडीत राहूनच गेले."