दरवळाला घातलेलं पाणी

ही गोष्ट सांगायची नाही, असं आईने मला बजावलं आहे. ऐकून लहान मुलं उदास होतात म्हणे. पण मोठ्यांनीही ऐकावी अशी ती आहे, म्हणून हळू आवाजात सांगते.

कुणाच्या पणजीलाही आठवणार नाही इतक्या जुन्या काळी डोंगराच्या कुशीत एक गाव होतं. गावाबाहेरच्या उतारावर एक झुडूप होतं, बारा महिने हिरवंगार. गाव त्याला दरवळ म्हणे. त्याची फुलं मोहरीहून थोडीच मोठी, पानांआड दडलेली. पण पावसाळा सरला की एका संध्याकाळी ती उमलत आणि वास घराघरांत शिरे. त्या संध्याकाळी गावात कुणी दार लावत नसे. वर्षभर अबोला धरलेल्या जावासुद्धा एका ओट्यावर येऊन बसत.

दरवळाला बी धरत नसे. त्याच्यासारखं दुसरं झाड त्या मुलखात नव्हतं.

झाड राखणारा माळी मरताना आपल्या लेकीला म्हणाला, "पाणी बेताचंच घाल, पोरी. मुळं ओली राहिली की हे झाड जगत नाही. म्हणून तर उतारावर लावलंय."

लेक होती लाजरी. चारचौघांत बोलायची वेळ आली की पदराचं टोक बोटाला गुंडाळत उभी राहायची.

एकदा गावची पाटलीणबाई फार दिवसांच्या दुखण्यातून उठली. आदल्या दिवशी तिच्या घरच्यांनी दरवळाला तांब्याभर पाणी घातलं होतं. झालं! नवस म्हणून जो तो तांब्या घेऊन येऊ लागला. नवसाचं पाणी उतारावरून वाहून पायदळी येतं, म्हणून लोकांनी झाडाभोवती दगडांचं आळं बांधलं. आता पाणी तिथेच साचू लागलं.

लेकीला पानांची टोकं करपलेली दिसली. ती धीर करून पारावर गेली.

"पाणी... जरा कमी घातलं तर..."

"ऐका!" एक बाई हसली. "पाण्याने झाड मरतं म्हणे! उद्या म्हणेल, जेवल्याने माणूस मरतं."

सगळे हसले. पाटलीणबाई मायेने म्हणाली, "लहान आहेस गं. देवाचं झाड ते. त्याला काय होतंय?" आणि तिने नवं लुगडं लेकीच्या हातावर ठेवलं.

लेक लुगडं घेऊन घरी आली. पुन्हा पारावर गेली नाही.

पानं पिवळी पडली. लोक म्हणाले, झाड तहानलंय. तांब्यांच्या जागी घागरी आल्या. पानं गळू लागली. लोक म्हणाले, झाड रुसलंय. घागरी वाढल्या.

लेकीने एक खालची फांदी वाकवून आळ्याबाहेरच्या कोरड्या मातीत दाबून ठेवली. वर्षभराने तिला मुळं फुटली असती. पण मूळ झाडच वर्षभर टिकायला हवं होतं.

मग एके सकाळी ती आळ्यापुढे हात पसरून उभी राहिली. आज कुणालाच पाणी घालू द्यायचं नाही, असं तिने ठरवलं होतं.

पहिली आली एक म्हातारी. तांब्यातलं पाणी हिंदकळत होतं.

"सरक गं बाळ. नातवाला ताप चढलाय. एकुलता एक आहे."

"आजी..."

"एकच तांब्या गं. तुझ्या पाया पडते."

लेकीचे हात आपोआप खाली आले.

नातवाचा ताप उतरला. दुसऱ्या दिवशी आळ्यापुढे अख्खं गाव लोटलं.

पावसाळा सरला. त्या संध्याकाळी सगळ्या घरांची दारं उघडी होती. लोक ओट्यांवर बसून राहिले. अंधार पडला, तरी वास आला नाही. एकेक दार मुकाट्याने लागलं. अबोला धरलेल्या जावाही आपापल्या घरात गेल्या आणि पुन्हा कधी एकत्र बसल्या नाहीत.

सकाळी लेकीने माती उकरली. मुळं काळी पडली होती, हात लावताच सुटून येत होती. दाबलेली फांदीही वाळली होती. तिला एकसुद्धा मूळ फुटलं नव्हतं.

म्हातारी शेजारी येऊन टेकली. डोळे पुसत म्हणाली, "आपलंच पाणी कमी पडलं गं."

"नाही आजी. जास्त झालं. पाण्यानेच मेलं ते."

म्हातारी तिच्याकडे वळली. "तुला ठाऊक होतं?"

लेकीने मान डोलावली.

"मग मला ढकलून का नाही दिलंस?"

लेक पदराचं टोक बोटाला गुंडाळू लागली. उतारावर पुन्हा तसं झाड कधी झालं नाही.

तात्पर्य एवढंच: खरं ठाऊक असून जो भिडेपोटी गप्प बसतो, तोही नुकसान करणाऱ्यांतलाच एक असतो.

आणि मला विचाराल, तर त्या म्हातारीपुढे मी उभी असते, तर मीसुद्धा बहुतेक— हो आई, आले!