पाटकऱ्याची बदली

फार जुन्या काळी, तलावांना नुकतेच कालवे फुटू लागले होते तेव्हा, एका राज्यात एक पाटकरी राहत होता. तलावाचं पाणी पाटाने शेतांपर्यंत न्यायचं आणि ज्याची पाळी असेल त्यालाच द्यायचं, हे त्याचं काम. चाकरी राजाची होती आणि तो ती चोख करी.

त्याच गावात प्रधानाच्या मेव्हण्याचा उसाचा मळा होता. एका उन्हाळ्यात मेव्हणा पाटावर आला आणि म्हणाला, "आज पाणी माझ्याकडे वळव. बाकीचे थांबतील."

"आज कुंभारणीची पाळी आहे," पाटकरी म्हणाला. "तिची मिरची करपायला आलीय. तुमची पाळी परवा."

मेव्हणा तडक प्रधानाकडे गेला. थोड्याच दिवसांत प्रधानाचा हुकूम आला. कारभाराच्या सोयीसाठी पाटकऱ्याची बदली डोंगरावरच्या किल्ल्यावर केली होती.

बायको भांडीकुंडी बांधू लागली. "राजाच्या माणसाने राजाशी भांडू नये," ती म्हणाली.

"राजाशी कुठे भांडतोय? हा हुकूम मेव्हण्याच्या रागातून आलाय," पाटकरी म्हणाला, आणि चालत राजधानीला जाऊन न्यायासनासमोर उभा राहिला. पाळीची सगळी हकीकत त्याने सांगितली.

प्रधान म्हणाला, "चाकराला कुठे ठेवायचं हे राजाने ठरवायचं. उद्या जो तो बदलीविरुद्ध दाद मागू लागला तर राज्य चालायचं कसं?"

"खरं आहे," न्यायाधीश म्हणाले. "एवढंच सांगा, किल्ल्यावर पाट आहे का?"

"नाही," प्रधान म्हणाला. "पावसाच्या पाण्याचं टाकं आहे."

"मग पाटकरी तिथे काय करणार?"

न्यायाधीशांनी हुकूम रद्द केला. ते म्हणाले, "बदली करण्याचा अधिकार राजाला आहे. बदलीच्या आडून शिक्षा देण्याचा अधिकार कुणालाच नाही."

गावाने पाटकऱ्याला वाजतगाजत घरी आणलं. पुढे त्याने पक्कं घर बांधलं, दारात लिंबोणी लावली. गाव आता आपलंच, असं त्याला वाटू लागलं.

काही वर्षं गेली आणि दुसरा हुकूम आला. नदीपलीकडच्या खोऱ्यात नवा कालवा झाला होता. पाण्यावरून दोन गावांत कुऱ्हाडी निघाल्या होत्या, माणसं जखमी झाली होती. तिथे जाणता पाटकरी हवा होता.

"मागे जिंकलात, आताही जिंकाल," गावकरी म्हणाले. पाटकऱ्यालाही ते पटलं. तो पुन्हा राजधानीला गेला.

न्यायाधीश तेच होते, केस तेवढे पांढरे झाले होते. त्यांनी विचारलं, "या वेळी कुणाचा राग आहे?"

"कुणाचाच नाही, महाराज."

"तिथे पाट आहे?"

"आहे."

"मग तक्रार काय?"

पाटकऱ्याने मान खाली घातली. "घर बांधलंय. बायकोची बहीण आमच्याच गावात दिलीय. तिकडे आमच्या ओळखीचं कुणी नाही."

"तुझी अडचण खरी आहे," न्यायाधीश म्हणाले. "बिऱ्हाड हलवायला दिवाळीपर्यंत मुदत देतो. पण हुकूम कायम राहील. मागे मी तुझा प्रामाणिकपणा राखला होता, तुझं घर नव्हे."

पाटकरी घुश्शातच परतला आणि घुश्शातच खोऱ्यात गेला. तिथे पाटावर एक म्हातारा बसला होता. त्याच्या डोक्याला फडकं बांधलेलं होतं. "शेजाऱ्यानेच मारलं," म्हातारा म्हणाला. "आम्हांला पाळी लावून देणारं कुणी नव्हतं हो."

पाटकऱ्याचा राग तिथेच ओसरला. त्याने दोन्ही गावांना पाटावर बोलावलं, सर्वांदेखत पाळ्या ठरवल्या आणि पहिलं पाणी स्वतः उभं राहून सोडलं. त्या हंगामात कुऱ्हाडी फक्त लाकडांवर चालल्या.

जुन्या गावात तरुण पाटकरी आला. मेव्हणा त्याच्याकडेही गेला आणि "पाळीची वाट पाहा" एवढंच ऐकून परतला. या वेळी कोणताही हुकूम निघाला नाही, कारण पहिला निकाल राजधानीत कुणी विसरलं नव्हतं. हे कळलं तेव्हा पाटकऱ्याला पहिल्या विजयापेक्षा जास्त समाधान वाटलं.

तात्पर्य: अन्यायाविरुद्ध जरूर दाद मागावी, पण आपल्या गैरसोयीला अन्याय म्हणू नये.