कावळ्यापुढची जाहिरात

एका गावात गेनू नावाचा एक भोळा गडी राहायचा. गावात टीव्ही एकच, तोही चावडीत. आई त्याला म्हणायची, शहाणी माणसं कशी वागतात ते बघत जा. गेनूनं बघितलं. बातम्यांतली माणसं तोंड पाडून बसलेली. जाहिरातींतली तेवढी सुखात. म्हणजे शहाणी तीच, असं त्यानं धरून ठेवलं.

पुढं त्याच्या सासऱ्यांची आई वारली. बायको हौसा माहेरी होतीच. दहाव्याला गेनूही गेला.

सासरे रंभाजी ओट्यावर डोकं धरून बसलेले. जाहिरातीत असं कुणी बसलं की बाम चोळतात अन् माणूस हसत उठतो. गेनूनं खिशातला बाम काढून चोळला. सासरे हसेनात. आणखी चोळला. बाम डोळ्यांत उतरला अन् सासरे भिंत चाचपत पाण्याकडं गेले. हौसानं नवऱ्याला बाजूला घेऊन समजावलं, की घाई करू नये, आधी वाट बघावी.

सासूनं चहा दिला. जाहिरातीत घोट घेतला की खिडकीचा पडदा उडतो, मग माणूस "वा" म्हणतो. गेनू पडदा उडायची वाट बघत बसला. खिडकीला पडदाच नव्हता. चहावर साय धरली. सासूला वाटलं, जावई रुसले.

"अहो, तोंड लावलं की लगेच वा म्हणायचं," हौसा म्हणाली. "वाट कसली बघता?"

मग सगळे नदीवर गेले. गुरुजींनी पिंड मांडला. कावळा शिवेना. न शिवला तर म्हातारीची इच्छा राहिली असं व्हायचं, अन् भावकी तेच उगाळत बसायची. रंभाजींनी हात जोडून सांगितलं, आई, तुझी शेळी विकणार नाही. तसा एक कावळा उतरला. जवळ आला. चोच खाली नेली. गेनूला वाटलं, लावलीच.

"वा!"

कावळा पार पैलतीरी गेला. रंभाजींनी डोकं धरलं. हौसानं आधी नवऱ्याच्या खिशातला बाम काढून घेतला अन् म्हणाली, "आता तुम्हीच त्याला खायला बोलवा."

जाहिरातीत पोरगं दूध पिईना, की आई त्याच्यासमोर स्वतः पिऊन दाखवते. गेनू पिंडापुढं मांडी घालून बसला. कावळ्याकडं बघत बघत त्यानं पिंड खाल्ला. सगळा.

शेवटी रंभाजींनी गुरुजींना विचारलं, आता कसं. गुरुजी म्हणाले, पिंडाला जो शिवला, त्याच्याच तोंडून म्हातारीची इच्छा कळायची.

रंभाजी जावयापुढं हात जोडून उभे राहिले.

"आई, काय राहिलं गं?"

गेनूनं घास गिळला. म्हणाला, "मीठ."