लाभ कुणाचा?

निंबाळीच्या बाजारात धान्य पायलीनं मोजलं जायचं, त्या काळची ही गोष्ट. सटवाजी तिथला मापाडी. पहिली पायली पोत्यात ओतताना 'एक' म्हणायचं नाही, 'लाभ' म्हणायचं, मग 'दोन', 'तीन', अशी मापाड्यांची रीत. सटवाजीचं 'लाभ' ऐकून झाडावरचे पोपटही पुढचे आकडे म्हणायचे, असं म्हणतात.

एकदा तुळसाबाईनं ज्वारी विकायला आणली. त्या पैशात तिला म्हैस घ्यायची होती. म्हैस समोरच बांधलेली, आणि दिवस मावळला की मालक ती दुसऱ्याला देणार होता. ज्वारी घेणार होता मल्लाप्पा व्यापारी. सटवाजीनं पायली भरली, 'लाभ!' म्हणाला आणि पायली खाली ठेवून विचारात पडला.

"पर कुणाचा?" त्यानं विचारलं.

जन्मभर तोंडात घोळलेला शब्द नेमका त्याच दिवशी डोक्यात शिरला, त्याला कोण काय करणार!

"माझा," मल्लाप्पा म्हणाला. पायली जमिनीला चिकटली.

"न्हाई, माझा," तुळसाबाई म्हणाली. पायली आणखी घट्ट बसली. गावच्या पैलवानांनी जोर लावला, त्यांची धोतरं सुटली, पण पायली हलली नाही, असं म्हणतात. मग शास्त्रीबुवा आले. लाभ म्हणजे काय, यावर ते इतकं बोलले की बैलसुद्धा पेंगायला लागले. सूर्य टेकायला आला आणि म्हशीचा मालक दावं सोडायला लागला.

तुळसाबाईला रडूच फुटलं. "सटवाजीदादा, सांगूनच टाकते. ढिगाच्या तळाला मागल्या सालची किडकी ज्वारी हाय."

बाई एवढं बोलली, तेव्हा मल्लाप्पालाही गप्प राहवेना. "तालुक्याला भाव चढलाय," तो घाम पुसत म्हणाला. "म्या जुनाच सांगितला."

पायली आपोआप उचलली गेली, असं म्हणतात. किडकी ज्वारी बाजूला काढली, भाव वाढवला, आणि काहीच घडलं नाही अशा थाटात सटवाजी म्हणाला, "दोन!"

म्हैस तुळसाबाईच्या दारात आली. तिचं दूध मल्लाप्पाच्याच घरी जायचं, आणि त्यात पाणी नसायचं, असं खुद्द मल्लाप्पा सांगायचा.

आता निंबाळीत विजेचा काटा आहे. तरी पहिलं पोतं काट्यावर चढलं की हमाल 'लाभ!' म्हणून थांबतात. विकणारा आणि घेणारा, दोघांनी एकदम 'दोघांचा' म्हणायचं. म्हणताना कुणाला खोकला आला, तर हमाल सटवाजीचं नाव घेतात आणि ढिगाच्या तळाशी हात घालतात.