ठकूअक्काचा उघडा काठ

आजच्या म्हाताऱ्यांचे पणजेही जन्मले नव्हते, तेव्हाची ही गोष्ट. नदीच्या वळणावरच्या डोहवाडीत ठकूअक्का टोपल्या विणायची. वाळुंजाच्या झाडाचे ओले फोक, म्हणजे बारीक लवचिक फांद्या, तिच्या हातात आले की दोरीसारखे वळायचे. तिच्या टोपलीतून पाणीसुद्धा गळत नसे, असं म्हणतात.

आईबाप गेलेले. मागे धाकटा भाऊ गेनू, एवढाच तिचा संसार. तो फोक तोडायचा, ती विणायची. गेनूला धीर म्हणून नव्हता. काठ वळायच्या आधीच टोपली उचलून बाजाराला निघायचा.

"बस की जरा, बेलगाम घोड्या," अक्का हसायची. "काठ वळला नाही तर टोपली उसवते."

एका वर्षी नदी फुगली, नाव वाहून गेली. पलीकडच्या मळीत, नदीकाठच्या शेतात, चार पोरं आणि एक म्हातारी अडकली. अक्कानं माणसं मावतील एवढं डालगं विणायला घेतलं. दुपारी नुसता काठ वळायचा राहिला.

"पोरं बुडायला लागली, आणि तू काठ वळत बसतीस?" गेनू ओरडला, अन् डालगं पाण्यात ढकललं.

अक्का उठली, काठी घेऊन आत बसली. डालग्याचा दोर गेनूच्या हातात, परत ओढून घ्यायला.

पहिल्या खेपेला पोरं आली. दुसऱ्या खेपेला म्हातारी एकटीच आली.

"अक्का कुठंय?"

"मधेच फोक सुटायला लागले रे," म्हातारी रडत म्हणाली. "ती पाण्यात उतरली. दोन्ही हातांनी काठ आवळून धरला. 'गेन्या, हळू ओढ,' म्हणून हाका मारत होती. तुला ऐकू गेलं नाही. धारेत तिचे हात सुटले."

गेनूनं ते डालगं तीरावर पालथं घातलं. उघडे फोक चिखलात रुतले, त्यांना मुळं फुटली, पानं आली, झाडांचं रिंगण झालं. दोर हातात धरून गेनू तिथंच म्हातारा झाला. वाऱ्यानं फांद्या हलल्या की म्हणायचा, "हळूच ओढतोय गं, अक्का."

ते रिंगण अजून हिरवं आहे. डोहवाडीत भाऊबीजेला टोपलीचा शेवटचा फोक भाऊ धरतो आणि बहीण वळते. ज्याची बहीण गेली, तो उघड्या काठाची टोपली रिंगणात ठेवून दिवसभर बसतो. कधी काठ वळलेला दिसतो, असं म्हणतात.

नाही दिसला, तरी तो घाई करत नाही.