एका माणसामागे किती?

खूप जुन्या काळची गोष्ट. एका गडाखालच्या गावात दुष्काळ पडला. ओढे, आड सगळे आटले. एका विहिरीला तेवढं पाणी उरलं, तेही दिवसाला जेमतेम तीनशे तांबे.

राजानं वाटणीचं काम कारभाऱ्यावर सोपवलं. त्यानं खालच्या आळीला एकशेऐंशी तांबे लावून दिले आणि वरच्या आळीला एकशेवीस. कारभारी स्वतः वरच्या आळीत राहत होता.

थोड्याच दिवसांत खालच्या आळीतले लोक गडावर आले.

"महाराज, घसा ओला होत नाही. लेकरं तळमळताहेत."

कारभारी उसळून म्हणाला, "वरच्या आळीपेक्षा साठ तांबे जास्त मिळतात, तरी रडता? हावरट कुठले!"

राजाला ते पटलं. त्यानं लोकांना हाकलून दिलं. वर दवंडी पिटवली, की पुन्हा जो तक्रार करेल त्याचं पाणी बंद!

ऐकून राग येतो ना? यायलाच हवा. खालच्या आळीत माणसं राहत होती नव्वद, आणि वरच्या आळीत फक्त दहा. कारभाऱ्याला हे ठाऊक नव्हतं असं नाही. त्यानं नेमकं तेवढंच सांगितलं नाही.

कारभाऱ्याची आई म्हाळसाबाई. दवंडी त्यांनीही ऐकली. अंगणात गडी घोडा धूत होता. तेवढ्यात खालच्या आळीतली एक लेकुरवाळी दारात येऊन उभी राहिली.

"आई, घोटभर पाणी द्या. अंगावरचं दूध आटलंय माझं."

म्हाळसाबाईंनी तिला भरलेला तांब्या दिला. "पण तुमच्या आळीला पाणी जास्त मिळतं ना गं?"

"जास्त कसलं, आई? माणशी दोन तांबे. त्यातच पिणं, त्यातच रांधणं."

म्हाळसाबाईंनी मनातल्या मनात आपल्या आळीचा भागाकार केला. माणशी बारा! त्यांचा चेहरा लालबुंद झाला. भर उन्हात त्या गड चढून गेल्या.

"महाराज, आळीला तहान लागते की माणसाला? एकशेऐंशी मोठे की एकशेवीस, हे काय बघत बसलात? आधी विचारा, एका माणसामागे किती!"

कारभारी पुटपुटला, "आई, घरचं भांडण दरबारात कशाला?"

"घरचं? अरे, तुझा घोडा आंघोळ करतोय आणि तिकडे बाळंतिणीच्या घशाला कोरड पडलीय. वर हावरट त्यांनाच म्हणतोस? लाज नाही वाटत?"

राजानं एकशेऐंशीला नव्वदानं भागलं. दोन आले. एकशेवीसला दहानं भागलं. बारा आले. त्याची मान खाली गेली. मग त्यानं सगळं पाणी सगळ्या माणसांत वाटून पाहिलं. तीनशे तांबे, शंभर माणसं.

"उद्यापासून प्रत्येकाला तीन तांबे," तो म्हणाला. "आणि कारभारी, आजपासून तुमचा कारभार संपला."

लेकुरवाळीचं बाळ वाचलं. पण दवंडीच्या धाकानं गप्प पडून राहिलेल्या एका म्हातारीच्या दारात तिसरा तांब्या पोहोचला, तेव्हा ती गेली होती. राजा तिच्या अंत्ययात्रेला अनवाणी चालला. त्यानं ती परत थोडीच येणार होती?

म्हणून लहानथोरांनो, कुणाला जास्त मिळालं हे ठरवण्याआधी एकेकाच्या वाट्याला किती आलं ते काढा.